हस्तक्षेप बाहेरचा आणि आतला

फुटबॉलच्या राष्ट्रीय संघटनेने शासन, न्यायालय किंवा अन्य कोणत्याही ‘तृतीय पक्षा’च्या दबावाविना कारभार चालवावा, हा फिफा या जागतिक शिखर संस्थेचा नियम मुळात खेळाच्या रक्षणासाठी आहे; परंतु त्याच्या अंमलबजावणीचा इतिहास पाहता, बाहेरून आलेल्या हाताला तो जेवढा आवरतो तेवढा आत शिरून बसलेल्या हाताला आवरत नाही, असेच दिसते.

अर्जेंटिनात मार्च १९७६ मध्ये जनरल व्हिडेला यांच्या लष्करी मंडळाने सत्ता बळकावली आणि १९७८ च्या विश्वचषकाची तयारी सैन्याच्या ताब्यात गेली. संयोजनाचे प्रमुख जनरल ओमार आक्तिस यांची ऑगस्ट १९७६ मध्ये हत्या झाली आणि पुढे खरी सूत्रे ॲडमिरल कार्लोस लाकोस्ते यांच्याकडे आली. ब्यूनस आयर्सच्या ज्या मोन्युमेंटल मैदानावर यजमानांनी नेदरलँड्सला ३-१ असे हरवून चषक जिंकला, तेथून चालत जाण्याच्या अंतरावर नौदलाची यांत्रिकी शाळा होती, आणि पकडून आणलेल्या माणसांचा तेथील छळ स्पर्धेच्या दिवसांतही चालूच होता. फिफाने त्या देशावर बंदी घातली नाही. उलट लाकोस्ते पुढे फिफाचे उपाध्यक्ष झाले. सैनिकी सत्ता संघटनेतच मुरली होती, त्यामुळे नियमाच्या लेखी ती ‘तृतीय पक्ष’ ठरलीच नाही.

भारतात लष्करशाही नाही, आणि दोन्ही प्रकरणांना एकाच मापाने मोजणे अन्यायाचे होईल. तरीही नियमाची तीच उणीव येथेही उघडी पडली. विदर्भातल्या गोंदियाचे प्रफुल्ल पटेल केंद्रीय मंत्री असतानाच २००९ मध्ये अखिल भारतीय फुटबॉल महासंघाचे अध्यक्ष म्हणून निवडून आले. राष्ट्रीय क्रीडा संहिता, म्हणजे शासनाची मान्यता टिकवण्यासाठी संघटनांनी पाळावयाची नियमावली, अध्यक्षाला बारा वर्षांची मर्यादा घालत होती; डिसेंबर २०२० मध्ये मुदत संपूनही निवडणूक झाली नाही, आणि अखेर मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कारभार प्रशासक समितीकडे सोपवला. मंत्र्याने अध्यक्षपद भूषवण्यात फिफाला हस्तक्षेप दिसला नव्हता. तो दिसला न्यायालयाच्या समितीत, आणि ऑगस्टमध्ये भारतावर बंदी आली. त्या वेळी ताश्कंदला पोचलेल्या गोकुळम केरळच्या महिला संघाला आशियाई क्लब स्पर्धा न खेळताच परतावे लागले. चूक कोणाची आणि शिक्षा कोणाला, हे याहून स्पष्ट दिसणार नाही.

समितीची खरी मोलाची सूचना मात्र या धांदलीत मागे पडली. राज्य संघटनांच्या ३६ प्रतिनिधींबरोबर ३६ नामवंत खेळाडूंनाही मताधिकार द्यावा, अशी ती सूचना होती. फिफाच्या आक्षेपानंतर मतदारयादीत राज्य संघटनाच उरल्या, आणि अध्यक्षपदाच्या निवडणुकीत बायचुंग भुतियासारखा भारताचा माजी कर्णधार भाजपचे नेते व माजी गोलरक्षक कल्याण चौबे यांच्याकडून ३३-१ असा हरला. कार्यकारिणीत सहा खेळाडू आले खरे, पण अध्यक्ष निवडण्याचा अधिकार त्यांच्या हाती नव्हता.

अमरावती जिल्ह्यातल्या परतवाड्याच्या मैदानावर खेळणाऱ्या मुलाचे म्हणणे दिल्लीपर्यंत जायचे, तर ते जिल्हा संघटना आणि वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन ही राज्य संघटना यांच्यामार्फतच जाते, आणि २०२२ मध्ये महासंघाच्या निवडणुकीत महाराष्ट्राला मत एकच होते. खेळाडूंच्या मताधिकाराची मागणी म्हणूनच अमरावती, अकोल्यासारख्या जिल्ह्यांनी राज्य संघटनेच्या सभेत लेखी ठरावाने पुन्हा मांडली पाहिजे.