आधी प्रेक्षक जोडा

चार मित्र पदरचे पैसे घालून प्रयोगशील चित्रपट करतात, आणि तो हातावेगळा झाला की आमच्यासारख्या जिल्ह्याच्या गावातल्या फिल्म सोसायटीला फोन लावतात, ‘दाखवाल का?’ आम्ही दाखवतोच. पण हा प्रश्न सगळ्यात शेवटी येतो, याचं मला फार वाईट वाटतं.

जॉन अब्राहमनं तो सगळ्यात आधी विचारला होता. केरळचा हा दिग्दर्शक पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेला. 1984 मध्ये मित्रांसोबत त्यानं ‘ओडेसा कलेक्टिव्ह’ उभं केलं. निर्मात्याच्या दारी जायचंच नाही, असं ठरवून ही मंडळी गावोगाव हिंडली. चॅप्लिनचा ‘द किड’ दाखवायचा आणि लोकांकडे वर्गणी मागायची. त्या पैशांतून 1986 मध्ये ‘अम्मा अरियान’ झाला. एका तरुणाच्या मृत्यूची बातमी त्याच्या आईला सांगायला एक जण निघतो आणि वाटेत त्याला माणसं येऊन मिळत जातात, अशी त्याची गोष्ट. पैसा जसा जमला तशीच ही कथाही पुढे सरकते. मला तो योगायोग वाटत नाही. ज्यांच्याकडून वर्गणी घेतली ती माणसंच चित्रपटात उतरली आहेत, असं तो पाहताना दर वेळी वाटतं.

आपल्याकडे त्याच्याही आधी, 1976 मध्ये, ‘युक्त’ होती. फिल्म इन्स्टिट्यूटमधूनच बाहेर पडलेल्या तरुणांची सहकारी संस्था. तिनं ‘घाशीराम कोतवाल’ या नाटकावर त्याच नावाचा चित्रपट केला. पटकथा नाटककार विजय तेंडुलकरांचीच, दिग्दर्शन के. हरिहरन, मणी कौल, कमल स्वरूप आणि सईद मिर्झा यांनी मिळून केलेलं. पडद्यावर मोहन आगाशे आणि ओम पुरी. ‘घाशीराम कोतवाल’ नाटकाला गर्दी करणाऱ्या महाराष्ट्रात हा चित्रपट मात्र आमच्या पिढीला वर्षानुवर्षं नुसता ऐकून ठाऊक होता. त्याची प्रत जपली ती बर्लिनच्या ‘आर्सेनाल’ या संस्थेनं. मराठी चित्रपट, मराठी नाटककार, आणि सांभाळ जर्मनीत! युक्तकडे गुणी माणसं होती. वाट पाहणारी गावं नव्हती.

म्हणून नव्या मुलांना कळकळीनं सांगतो, कॅमेरा भाड्यानं घेण्याआधी गावं धरा. गणेश मंडळाचा मांडव, कॉलेजचं वाङ्मय मंडळ, वाचनालय, जिथं जागा मिळेल तिथं एखादा चांगला जुना चित्रपट दाखवा, आपल्या चित्रपटाबद्दल बोला, वर्गणी मागा. वर्गणी मागणं आणि देणं आपल्याला काही नवं नाही. आणि गावोगावच्या वाचनालयांना विनंती, की संध्याकाळी कुलूपबंद असणारी तुमची सभागृहं या मुलांना विनाभाडं द्या.