सेवेचे तास आणि सेवेची जबाबदारी

महात्मा गांधींच्या जन्मशताब्दी वर्षात, २४ सप्टेंबर १९६९ रोजी, राष्ट्रीय सेवा योजना सुरू झाली. ३७ विद्यापीठे आणि सुमारे ४० हजार विद्यार्थी एवढाच तिचा आरंभीचा व्याप होता. तिचा शुभारंभ करणारे तत्कालीन केंद्रीय शिक्षणमंत्री डॉ. व्ही. के. आर. व्ही. राव हे राष्ट्रीय उत्पन्नाच्या मोजमापासाठी ख्यातनाम झालेले अर्थशास्त्रज्ञ. उत्पन्न मोजता येते. सेवा तशी मोजता येते काय, हा प्रश्न अर्थशास्त्राच्या अध्यापकाला म्हणूनच टाळता येत नाही.

स्वयंसेवकाने वर्षाला १२० तास, दोन वर्षांत २४० तास काम करावे आणि सात दिवसांच्या विशेष शिबिरात भाग घ्यावा, असा योजनेचा दंडक आहे. व्यवस्थेला काहीतरी माप हवे, हे मान्यच. पण पुढे मापच साध्य होऊन बसले. वही भरली की सेवा झाली आणि प्रमाणपत्र मिळाले की नेतृत्व आले, असा समज रूढ झाला. सवलतीच्या गुणांसाठी नाव नोंदविणाऱ्या विद्यार्थ्याला मात्र दोष देता येणार नाही. ज्याला मोबदला त्याचा पुरवठा वाढतो, हे आम्हीच त्याला वर्गात शिकविलेले असते.

काही वर्षांपूर्वीच्या एका शिबिरात बंधाऱ्याची जागा मी ठरविली, श्रमदान विद्यार्थ्यांनी केले, आणि पहिल्याच पावसात बंधारा वाहून गेला. ओढ्याचा स्वभाव गावातील वृद्ध शेतकऱ्यांना ठाऊक होता. त्यांना विचारण्याचे मला सुचले नाही. त्याच शिबिरात भोजनखर्च सांभाळणारी, परीक्षेत जेमतेम उत्तीर्ण होणारी एक विद्यार्थिनी रोज रात्री पै-पैचा हिशेब सर्वांसमोर वाचून दाखवीत असे. एके दिवशी बेरीज चुकली, तीही तिने स्वतःच सांगितली. त्यानंतर तिचा शब्द शिबिरात कोणी मोडला नाही.

नेतृत्व शिकविले जाते ते असे. म्हणून कामाची निवड, खर्चाचा हिशेब आणि चुकीचे उत्तरदायित्व विद्यार्थ्यांकडे सोपवावे. प्राध्यापकांनी सल्ला द्यावा, निर्णय देऊ नयेत. दत्तक घेतलेल्या गावात पुढील वर्षी जाताना नवे काम काढण्यापूर्वी गेल्या वर्षीच्या कामाचे काय झाले, हे गावकऱ्यांनाच विचारावे. तासांची नोंद खुशाल ठेवावी. परंतु तिच्या शेजारी गावाचे उत्तरही नोंदविले जावे. 'मी नव्हे, तुम्ही' हे ज्या योजनेचे ब्रीद आहे, तिच्याकडून एवढी अपेक्षा अवाजवी ठरू नये.