अंगठीतील खडा आणि थोपविलेला काळ

अद्भुताच्या साहित्यातील जादूची वस्तू म्हणजे कथानक पुढे सरकविण्याची सोय, हे वर्गातील चर्चेत बहुधा गृहीतच धरले जाते. परीस, कांडी, उडता गालिचा या साऱ्यांना एकाच पंक्तीत बसविले की विवेचन संपते. जे. आर. आर. टॉल्कीन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ (१९५४-५५) या कादंबरीतील नेन्या नावाच्या अंगठीला हे गृहीत लावून पाहिले, तर ते किती अपुरे आहे हे ध्यानात येते.

नेन्या ही एल्फ लोकांच्या तीन अंगठ्यांपैकी एक. केलेब्रिम्बोर या कारागिराने पुरातन काळी घडविलेल्या या अंगठीत वज्राचा शुभ्र खडा आहे. ती शस्त्र नव्हे. तिच्यायोगे राज्य जिंकता येत नाही की धन मिळत नाही. जे सुंदर आहे त्याला लागणारी काळाची झीज थोपवून धरणे, एवढेच तिचे सामर्थ्य. ती गॅलाड्रिएलच्या बोटात असल्यामुळे लोथलॉरिएनच्या वनात काळाची चालच निराळी आहे. हे निराळेपण टॉल्कीन वर्णनाने सांगत नाहीत, तिथीच्या हिशेबाने सांगतात. वनाच्या सीमेवर पहिली रात्र काढली तेव्हा पौर्णिमेला आठवडा लोटला होता. वन सोडून नदीप्रवासाचाही आठवडा झाला. आणि आता आकाशात नखाएवढी कोवळी कोर! वद्य अष्टमीवरून चंद्र सरळ शुद्ध पक्षात आला, मग मधला मुक्काम गेला कोठे, असा साध्याभोळ्या सॅमचा प्रश्न आहे. वास्तविक मुक्काम जवळजवळ महिन्याचा झालेला असतो, म्हणूनच तिथी जुळते. लेगोलासचे उत्तर मार्मिक आहे. काळ कोठेच थांबत नाही. वाढ आणि पालट यांची गती मात्र सर्वत्र सारखी नसते. म्हणजे खड्याने काळ थांबविलेला नाही, त्याची जाणीव तेवढी थोपविली आहे.

या थोपविण्याची किंमत हाच कादंबरीतील खरा पेच होय. सॉरॉनने या तीन अंगठ्यांना स्पर्श केला नसला, तरी त्या घडल्या त्यानेच शिकविलेल्या विद्येतून. त्यामुळे त्याची मुख्य अंगठी नष्ट झाली की या तिघींचेही सामर्थ्य ओसरणार आणि लोथलॉरिएन कोमेजणार. हे पुरते ठाऊक असूनही गॅलाड्रिएल फ्रोडोला अडवीत नाही, उलट साह्य करते. तो मुख्य अंगठी आपण होऊन तिच्यापुढे धरतो, तेव्हा ती मोहाच्या अगदी काठापर्यंत जाते आणि परतते. खडा ही केवळ सोय असती तर या प्रसंगाला इतके वजन आले नसते.

टॉल्कीन यांची स्वतःची भूमिकाही येथे एल्फांच्या बाजूची नाही, ही गोष्ट त्यांच्या चाहत्यांकडून बरेचदा निसटते. १९५४ मधील एका पत्रात त्यांनी एल्फ लोकांच्या या धडपडीला प्रेत टिकविण्याच्या कलेची उपमा दिली आहे. उपमा कठोर आहे. आणि ती देणारा गृहस्थ १९२५ पासून ऑक्सफर्डमध्ये प्राचीन इंग्रजीचा प्राध्यापक होता, आयुष्यभर लुप्त शब्दांची राखण करीत होता, हे लक्षात घेतले म्हणजे ती आत्मपर ठरते. जतनाचा मोह त्यांना बाहेरून दिसलेला नव्हता. मराठीला २०२४ मध्ये अभिजात दर्जा मिळाल्यापासून ‘जतन’ हा शब्द विद्यापीठीय व्यासपीठांवर ज्या निःशंकपणे उच्चारला जातो, तो पाहता ही उपमा मराठी विभागांनाही थोडी बोचावयास हरकत नाही.

भारतीय परंपरेत याला जवळचा दाखला शोधावयाचा, तर परीस आणि स्यमंतक उपयोगी पडत नाहीत. ते सोने देतात. दाखला आहे अश्वत्थाम्याच्या मस्तकावरील मण्याचा. शस्त्र, व्याधी, क्षुधा यांचे भय दूर ठेवणारा तो मणी महाभारताच्या सौप्तिकपर्वात त्याच्याकडून काढून घेतला जातो आणि मग त्याला तीन हजार वर्षे भटकण्याचा शाप मिळतो. संरक्षण गेले, आयुष्य मात्र संपेना. जखमेसाठी तेल मागत फिरणारा अश्वत्थामा मराठी लोकमानसात आजही वावरतो. मुलांच्या नावामागे ‘चि.’ लावताना चिरंजीवांच्या यादीतील या एका नावाची आठवण कोणी ठेवीत नाही, हे बरेच! दोन्ही कथांची घडण भिन्न आहे; एकीत मणी काळाला अडवितो, दुसरीत मणी गेल्यावर काळ शिक्षा होऊन येतो. परंतु न संपणे हे वरदान नव्हे, ही जाण दोहोंत समान आहे.

या जाणिवेचा लोप कसा होतो हे पाहावयाचे, तर ‘डॉक्टर स्ट्रेंज’ (२०१६) या चित्रपटातील हिरवा कालमणी पाहावा. तेथे काळ मागे फिरविता येतो, उद्ध्वस्त शहर पुन्हा उभे करता येते. नायक त्या मण्याच्या बळावर पुनःपुन्हा मरण पत्करतो, हा भाग कल्पक आहे यात शंका नाही. परंतु गेलेले परत आणता येते असे एकदा ठरले की गमावण्याला अर्थ उरत नाही. ‘सोय’ हा शब्द लावावयाचा तो या मण्याला.

टॉल्कीन यांच्या कादंबरीत गेलेले परत येत नाही. मुख्य अंगठी नष्ट होते, नेन्याचे सामर्थ्य सरते, गॅलाड्रिएल समुद्रापार निघून जाते. मागे उरते तिने सॅमला दिलेली एक लहानशी पेटी. तिच्यात तिच्या बागेतील माती आणि एक रुपेरी बी. ती माती सॅम चिमूट चिमूट करून उजाड झालेल्या आपल्या मुलुखात टाकतो, बी मोकळ्या माळावर लावतो आणि वाट पाहतो. पुढच्या वसंतात रोप उगवते, आणि ते इतर झाडांप्रमाणेच वर्षागणिक वाढत जाते.