'आणि'नंतरचं नाव

चला, एक छोटीशी क्विझ! मोबाइल बाजूला ठेवायचा, शेजारच्या क्युबिकलमध्ये डोकवायचं नाही. गाळलेली जागा भरा : 'लिअँडर पेस आणि ...'

भरलीत? 'महेश भूपती'च लिहिलं असणार. उत्तर चूक नाही. १९९९ मध्ये या दोघांनी एकाच वर्षात फ्रेंच ओपन आणि विम्बल्डन मारलं, तेव्हापासून ही दोन नावं वडा-पावसारखी एकत्रच येतात. पुढे दोघांचं बिनसलं, तरी आपल्या डोक्यात ती चिकटलेली ती चिकटलेलीच.

आता त्याच प्रश्नात फक्त साल टाकते. १९९४, हिरोशिमा एशियाड, पुरुष दुहेरी, सुवर्णपदक : 'लिअँडर पेस आणि ...'

झाली ना पंचाईत? उत्तर आहे गौरव नाटेकर.

अजून एक. १९९२, विम्बल्डन, मुलांच्या दुहेरीची फायनल : 'महेश भूपती आणि ...' उत्तर आहे नितीन कीर्तने.

म्हणजे गंमत बघा. पेस-भूपती हा सुपरहिट सिनेमा रिलीज होण्याआधी दोन्ही हिरोंच्या शेजारी एकेक मराठी आडनाव उभं होतं. नेटपाशी, घामाघूम, तितक्याच जिद्दीनं. दोघांची नावं आज क्विझमध्ये 'अवघड प्रश्न' म्हणून येतात. या आठवड्यात मला त्यांच्याबद्दलच बोलायचंय.

आधी गौरव. जन्म १९७२. टेनिसमध्ये सात वेळा राष्ट्रीय विजेता. भारताकडून डेव्हिस कप खेळला. हिरोशिमाला त्यानं एक नाही, दोन सुवर्णपदकं मिळवली : एक पेसबरोबर दुहेरीत, दुसरं सांघिक स्पर्धेत. त्या अख्ख्या एशियाडमध्ये भारताच्या वाट्याला एकूण सुवर्णपदकं आली होती चार. एक कबड्डीचं, एक नेमबाज जसपाल राणाचं आणि उरलेली ही दोन टेनिसची. देशाच्या निम्म्या सोन्यावर या मुलाचा हात होता! १९९६ मध्ये त्याला अर्जुन पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी अटलांटात पेसनं ऑलिम्पिक ब्राँझ जिंकलं आणि सगळा फोकस, साहजिकच, तिकडे वळला.

आता नितीन. अठराव्या वर्षी विम्बल्डनच्या हिरवळीवर फायनल खेळणं म्हणजे काय चीज असेल, कल्पना करा. भूपती आणि कीर्तने तीन सेट झुंजले आणि ऑस्ट्रेलियाच्या स्टीव्हन बाल्डास-स्कॉट ड्रेपर जोडीकडून हरले. त्यानंतर पाच वर्षांनी, १९९७ मध्ये, भूपती जपानच्या रिका हिराकीबरोबर फ्रेंच ओपनची मिश्र दुहेरी जिंकून ग्रँड स्लॅम मिळवणारा पहिला भारतीय झाला. नितीन प्रो सर्किटवर खेळत राहिला, देशातल्या स्पर्धा गाजवत राहिला, चाळिशी उलटल्यावर सीनियर्सच्या स्पर्धांतही रॅकेट घेऊन उतरत राहिला. पण एकेरीच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या शंभरात ना गौरव पोहोचला, ना नितीन.

इथे तुमच्यातला एमबीए जागा होणार. 'म्हणजे टॅलेंट होतं, पण स्केल-अप नाही झालं.'

थांबा. त्या शंभराच्या खालचा हिशोब एकदा बघू या. कारण टेनिसमध्ये महिन्याच्या एक तारखेला सॅलरी क्रेडिट होत नाही. विमानाचं तिकीट स्वतःचं, हॉटेल स्वतःचं, कोच स्वतःचा, रॅकेटचं गटिंग तुटलं की तो खर्चही स्वतःचा. नव्वदच्या दशकात धडपड्या खेळाडूंसाठी 'सॅटेलाइट' नावाचं सर्किट असायचं. लागोपाठ काही आठवडे, दर आठवड्याला वेगळी स्पर्धा आणि रँकिंगचे गुण मात्र सगळं सर्किट संपल्यावर. मध्येच पाय मुरगळला की आधीची मेहनत पाण्यात. मग १९९८ पासून 'फ्युचर्स' आल्या. दहा हजार डॉलर एकूण इनामाची फ्युचर्स जिंकली, तर चॅम्पियनच्या हातात पडायचे साधारण तेराशे डॉलर. पहिल्या फेरीत हरलात तर एकशेवीसच्याही आत. त्यातून टॅक्स कापला जाणार तो वेगळाच. एवढ्यात परतीचं तिकीट तरी निघेल का, तुम्हीच सांगा!

म्हणजे जगात तीनशेवा असणं, हा आकडा ऐकायला फुसका वाटतो. पण कुठल्याही क्षेत्रात जगातला तीनशेवा माणूस डोळ्यांसमोर आणा. तीनशेव्या नंबरचा सॉफ्टवेअर इंजिनीअर. तीनशेव्या नंबरचा हार्ट सर्जन. त्यांच्या घरासमोर गाड्यांची रांग असेल! टेनिसमधला तीनशेवा मात्र पुढच्या स्पर्धेला स्लीपरनं जायचं की थ्री-टायर एसीनं, याचा विचार करत बसलेला असतो.

मला हे का टोचतं, ते सांगते. मी मूळची नंदुरबारची. आमचा जिल्हा १ जुलै १९९८ ला धुळ्यातून वेगळा झाला, म्हणजे तो आणि मी साधारण एकाच बॅचचे. आमच्याकडे 'टेनिस' या शब्दाचा अर्थ टेनिस बॉलचं क्रिकेट. 'आज टेनिसची मॅच शे' म्हटलं की सहा-सहा ओव्हर, विटांचे स्टंप आणि हरणाऱ्यांकडून वडापाव. नेटवालं खरंखुरं टेनिस मी पाहिलं ते टीव्हीवर. आणि हाताच्या अंतरावरून कोर्ट पाहिलं ते थेट पुण्यात मास कॉमला आल्यावर, डेक्कन जिमखान्यावर. जाळीला नाक लावून पंधरा मिनिटं उभी होते.

दिवाळीला सुरत-भुसावळ लाइनच्या गाडीनं घरी उतरले की मामा पहिला प्रश्न टाकतो, 'मंग, पगार कितला शे?' मी फ्रीलान्सर. या महिन्याचा सांगू की मागच्या, असा प्रश्न मला पडतो. आमच्या घरात, आणि माझी खात्री आहे तुमच्याही, माणूस मोजायची पट्टी एकच : नंबर कितवा? शाळेत कितवा, सीईटीत कितवा, अप्रेझलमध्ये कुठल्या ब्रॅकेटमध्ये. या पट्टीनं मोजलं तर गौरव-नितीन बाद. आणि तुम्ही-आम्हीही, बरेचसे, बाद.

पण पट्टीच चुकीची असेल तर? त्यासाठी थोडं लांब जाऊ. थेट इटलीत.

इटलीचा नकाशा बुटासारखा. त्या बुटाच्या टाचेवर ब्रिंडिसी नावाचं बंदराचं गाव आहे. लोकसंख्या नव्वद हजारांच्या आत. २०११ च्या जनगणनेत नंदुरबार शहर होतं एक लाख अकरा हजारांचं. आकारानं आम्ही मोठे! तर या ब्रिंडिसीची पोरगी म्हणजे फ्लाविया पेनेट्टा. तिथून तासाभराच्या अंतरावरच्या तारांतोची रोबेर्ता विंची. दोघींनी १९९९ मध्ये जोडीनं फ्रेंच ओपनची मुलींची दुहेरी जिंकली. पेनेट्टा २००९ मध्ये पहिल्या दहात पोहोचलेली पहिली इटालियन महिला ठरली, २०११ मध्ये दुहेरीत जगात एक नंबर झाली, २०१२ मध्ये मनगटाचं ऑपरेशन झालं, तरी उठून पुन्हा खेळली. आणि २०१५ ची यूएस ओपन! विंचीनं सेमीफायनलला सेरेना विल्यम्सला घरी पाठवलं आणि फायनलला कोण समोर? पेनेट्टा! तेहतिसाव्या वर्षी ती जिंकली, बालपणीच्या मैत्रिणीला मिठी मारली आणि बक्षीस समारंभात माइक हातात घेऊन सांगून टाकलं, की आता बस. त्या मोसमानंतर ती थांबली. रिटायरमेंट असावी तर अशी. एकदम फिल्मी!

पण माझा प्रश्न वेगळा आहे. एवढ्याशा टापूतून दोन फायनलिस्ट आल्या कशा? टाचेकडच्या मातीत काही जादू असती तर खानदेशच्या काळ्या मातीनं काय घोडं मारलंय? पेनेट्टानं रॅकेट धरली ती गावातल्याच टेनिस क्लबमध्ये. आणि क्लब म्हणजे नुसतं कोर्ट नसतं. क्लब म्हणजे तिथे रोज येणारे ते सगळे लोक, ज्यांची नावं तुम्हाला-मला कधीच कळणार नाहीत. कुणी एकेकाळी राष्ट्रीय स्पर्धेत दुसऱ्या फेरीत हरलेला. कुणी दुहेरीत कुणाचा तरी पार्टनर. कुणी गुडघा गेला म्हणून खेळ सोडून पोरांना सर्व्हिस शिकवणारा. या गर्दीच्या खांद्यावर उभं राहून एक पेनेट्टा दिसते.

आपल्याकडे पुण्यात ही गर्दी आहे. डेव्हिस कप खेळलेले नंदन बाळ पुढे भारतीय संघाचे प्रशिक्षक झाले. गुजरातची अंकिता रैना पुण्यात येऊन घडली. २०१८ ते २०२३ या काळात बालेवाडीला एटीपीची मोठी स्पर्धा झाली. आणि आपल्या सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीची प्रार्थना ठोंबरे! २०१४ च्या इंचिऑन एशियाडमध्ये सानिया मिर्झाबरोबर ब्राँझ, २०१६ मध्ये सानियाबरोबरच रिओ ऑलिम्पिक. पुन्हा तेच बघा : 'सानिया मिर्झा आणि ...'! पण आज बार्शीतल्या एखाद्या मुलीनं 'मला ऑलिम्पिक खेळायचंय' म्हटलं, तर आई-बाबा हसणार नाहीत. कारण बार्शीहून रिओला कसं जायचं, तो रस्ता एक जण चालून आलीय.

नंदुरबारला काय कमी आहे, ते मला इथे कळलं. आमच्याकडे चॅम्पियन नाही, हे दुःख नंतरचं. आमच्याकडे तो 'आणि'नंतरचाच माणूस नाही. जो विम्बल्डनची फायनल हरून आलाय आणि सांगू शकतो, की बाळा, तिथलं गवत असं असतं, बॉल असा खाली राहतो, घाबरू नको. धडगाव-अक्कलकुव्याच्या डोंगरात पायाला स्प्रिंग लावल्यासारखी पळणारी पोरं मी पाहिलीत. त्यांच्यात रग आहे. रस्ता विचारायला माणूस नाही.

माझ्या धंद्यातलं सांगू? मी पत्रकार झाले ती कुठल्या टीव्ही अँकरकडे बघून नाही. आमच्या गावात एक वार्ताहर होते. जुनी लूना, खांद्याला शबनम. आयुष्यभर जिल्ह्याच्या पानावर लिहिलं, मुंबईच्या पहिल्या पानावर नाव कधी आलं नसावं. कॉलेजात असताना मी त्यांच्यामागे फिरायचे. मिरची बाजारात एकदा मला म्हणाले, 'बेटा, आधी आकडा विचार, मग प्रतिक्रिया.' दोन वर्षांच्या डिग्रीत मला यापेक्षा कामाचं वाक्य मिळालं नाही. त्यांचा नंबर कितवा? माहीत नाही. पण ते नसते तर मी नसते.

गौरवच्या घरातही अशी एक गोष्ट आहे आणि ती भारी आहे. त्याचे वडील म्हणजे बॅडमिंटनचे नंदू नाटेकर. सांगलीत जन्मलेले. १९५६ मध्ये क्वालालंपूरला सेलांगोर स्पर्धा जिंकून परदेशात विजेतेपद मिळवणारे पहिले भारतीय बॅडमिंटनपटू. १९६१ मध्ये अर्जुन पुरस्कार सुरू झाले, तेव्हाच्या पहिल्याच यादीत त्यांचं नाव. पण हे नंदू आधी टेनिस खेळायचे! पन्नाशीच्या दशकाच्या सुरुवातीला ज्युनिअर राष्ट्रीय स्पर्धेच्या फायनलपर्यंत गेले आणि हरले. हरवणारा मुलगा त्यांच्यापेक्षा चार वर्षांनी लहान होता, नाव रामनाथन कृष्णन. हाच कृष्णन पुढे १९६० आणि १९६१ मध्ये विम्बल्डनची सेमीफायनल खेळला. नंदूंनी टेनिसची रॅकेट ठेवली आणि बॅडमिंटनची उचलली. देशाला एक बादशहा मिळाला. आणि वडिलांनी जो खेळ अर्ध्यावर सोडला, त्यात मुलगा सात वेळा राष्ट्रीय विजेता झाला. बाप-लेक दोघंही अर्जुन. नंदू २०२१ च्या जुलैमध्ये गेले, ८८ व्या वर्षी. त्यांची ती जुनी हार वाया गेली, असं कोण म्हणेल?

खेळ संपल्यावरचं आयुष्यही बघा. गौरवनं टेनिसपटू बायको आरतीबरोबर खेळ आणि फिटनेसची स्वतःची कंपनी काढली. नितीनला हरवणारा तो स्कॉट ड्रेपर? त्यानं २००५ मध्ये सामंथा स्टोसरबरोबर ऑस्ट्रेलियन ओपनची मिश्र दुहेरी जिंकली आणि नंतर चक्क प्रोफेशनल गोल्फर झाला! करिअर स्विच फक्त आयटीवाले करतात, असं समजू नका.

तेव्हा दोस्तांनो, एप्रिलमध्ये अप्रेझलचं पाकीट हातात पडेल आणि प्रमोशन शेजारच्याला मिळेल, तेव्हा एक रात्र चिडा, पिझ्झा खा, बॉसला शिव्या घाला. एकदम परवानगी! पण सकाळी स्वतःला विचारा, की माझ्यामुळे या ऑफिसात कुणाला रस्ता सापडला का? सापडला असेल तर तुम्ही गेममध्ये आहात.

आणि नंदुरबारच्या मंडळींना एक खास सूचना. उद्या आपल्याकडे झकास टेनिस कोर्ट झालं, तर उद्घाटनाला मोठ्यातला मोठा स्टार जरूर बोलवा. फीत कापेल, चार फोटो काढेल आणि संध्याकाळच्या गाडीनं सुरतेकडे निघून जाईल. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला पोरांना ग्रिप कशी धरायची ते शिकवायला जो थांबणार आहे ना, त्याचा फोन नंबर मात्र आधीच घेऊन ठेवा.