धुराडे विझल्यावर

श्रीरामपूरला पहिल्यांदा येणारा पाहुणा स्टेशनवर हमखास गोंधळत आला आहे. तिकीट बेलापूरचे, पाटी बेलापूरची आणि बाहेर पडावे तर गाव श्रीरामपूर! खरे बेलापूर प्रवरेच्या काठी, इथून काही किलोमीटरवर. १८७८ साली दौंड-मनमाड लोहमार्ग झाला आणि जुन्या गावाच्या वाटेवरचे हे स्टेशन ‘बेलापूर रोड’ म्हणून ओळखले जाऊ लागले. त्याच्याभोवती पुढे शहर उभे राहिले.

हे शहर वाढले ते पाण्यावर आणि साखरेवर. १९२६ साली भंडारदऱ्याचे धरण पूर्ण झाले, प्रवरेचे कालवे वाहू लागले आणि कोरडवाहू माळ उसाने हिरवे झाले. हरिगावला बेलापूर कंपनीचा कारखाना उभा राहिला. १९३३ मध्ये महादेव डहाणूकरांनी महाराष्ट्र शुगर मिल्स काढली, तिच्या वसाहतीचे नाव टिळकनगर. शेजारच्या कोपरगाव तालुक्यात साकरवाडी, लक्ष्मीवाडी, चांगदेवनगर अशी कारखान्यांची गावे वसली. साहेबांचे बंगले एका बाजूला, कामगारांच्या चाळी दुसऱ्या बाजूला, आणि भोंग्यावर सगळ्यांचा दिवस.

अशा गावाला एक स्वभाव असतो. इथे सगळेच बाहेरचे, त्यामुळे कुणीच परका नाही. मारवाडी-गुजराती पेढ्या आल्या, फाळणीनंतर सिंधी-पंजाबी कुटुंबे आली, दुष्काळी भागातून मजूर आले. हरिगावच्या मतमाउलीच्या यात्रेला दर सप्टेंबरात ख्रिस्ती भाविकांबरोबर इतरही नवस फेडायला जातात, त्याचे कुणाला नवल वाटत नाही. गाडीच्या पाटीवर ‘एमएच १७’ मिरवणाऱ्या या शहराने जिल्ह्याचे ठिकाण होण्याची हौसही वर्षानुवर्षे जपली आहे.

पण साखर राहिली नाही. १९४५ च्या बागायतदार परिषदेत धनंजयराव गाडगीळांनी सहकाराचा विचार मांडला, विठ्ठलराव विखे पाटलांनी तो मनावर घेतला आणि १९५० साली लोणीला शेतकऱ्यांच्या मालकीचा कारखाना सुरू झाला. १९६१ च्या कमाल जमीनधारणा कायद्याने कंपन्यांचे हजारो एकरांचे मळे सरकारकडे गेले. ते कसण्यासाठी १९६३ मध्ये शेती महामंडळ स्थापन झाले. हक्काचा ऊस गेलेल्या खासगी कारखान्यांना पुढे उतरती कळा लागली. हरिगावचे धुराडे विझले. टिळकनगरला मद्याचा उद्योग टिकला, साखरेचा नाही.

चंद्रपूर जिल्ह्यातल्या वरोऱ्याने असाच शेवट फार आधी पाहिला. तिथली कोळशाची खाण १८७१ साली सुरू झाली आणि १९०६ मध्ये बंद पडली. पण खाण बंद पडली की खाली उतरायची वाटच संपते. तिथे दैवाला बोल लावता येतो. हरिगावचे तसे नाही. इथली काळी जमीन जागेवर आहे, कालवाही जागेवर आहे. म्हणूनच इथे प्रश्न निराळा पडतो: कारखाना गेल्यावर मागे उरले ते कुणाचे?

या प्रश्नाचे अर्धे उत्तर आपण दिले आहे. कंपन्यांनी ज्यांच्या जमिनी दीर्घ मुदतीच्या खंडाने घेतल्या होत्या, त्या खंडकरी शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या मोर्चे काढले, कोर्टकचेऱ्या केल्या. अखेर २०१२ मध्ये जमिनी परत मिळू लागल्या. आजोबांनी खंडाने दिलेले शेत नातवाच्या नावावर चढले. हा न्याय उशिरा झाला, पण झाला.

उरलेले अर्धे उत्तर मळ्यांवरच्या चाळींत आहे. ज्यांनी या जमिनीत लागण केली, बारे दिले, ऊस तोडला, त्या कामगारांचे नाव सातबाऱ्यावर कधीच नव्हते. त्यांच्याकडे दाखवायला हजेरीपत्रक होते, उतारा नव्हता. कंपनी गेली, महामंडळ आले, महामंडळाची शेतीही आटली आणि घर मात्र दुसऱ्याच्या जागेवरच राहिले. राहत्या घराची जागा आपल्या नावावर व्हावी, एवढ्यासाठी या लोकांना वर्षानुवर्षे अर्ज करावे लागले, उपोषणे करावी लागली.

कुणी म्हणेल, मजुराला मजुरी मिळाली, हिशेब मिटला. मला हे पटत नाही. कारखान्याने आधी गाव वसवले आणि मग त्यात माणसे बोलावली. माणूस तिथे तीन पिढ्या राबला, त्याने आपली माणसे तिथेच पोचवली. असे नाते नुसत्या पगारपत्रकात मावत नाही. माझे म्हणणे एवढेच की, अशा मळ्याची जमीन वाटताना किंवा नव्या उद्योगाला देताना पहिली मोजणी चाळीची व्हावी. ज्या खोलीत कामगार राहतो, तिच्या जागेचा उतारा आधी त्याच्या घरात पोहोचावा, बाकीचा नकाशा नंतर आखावा. शेकडो एकरांच्या हिशेबात ही जागा गुंठ्यांतच मोजावी लागेल.

आज साखर कारखाने संकटात असल्याच्या बातम्या आपण वरचेवर वाचतो. सहकारी धुराडीही अजरामर नाहीत. विझलेल्या धुराड्याखालच्या माणसांचे काय करायचे, हे हरिगावात आपण नीट शिकलो, तर उद्या दुसऱ्या गावी ते उपयोगी पडेल.