पडदा कोणाच्या मालकीचा?

भाऊराव कऱ्हाडे यांनी शेतजमीन विकून ‘ख्वाडा’ काढला. जमीन गमावून मेंढरांमागे हिंडणाऱ्या धनगर कुटुंबाची ती कथा. ६२ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत तिचा विशेष गौरव झाला. २०१५ साली चित्रपट प्रदर्शित झाला. पुढे ‘बबन’ (२०१८) आला. तरीही २०२३ मध्ये त्यांच्याच ‘टीडीएम’ला पुरेसे खेळ मिळाले नाहीत आणि तो मागे घ्यावा लागला. हा प्रेक्षकांचा कौल नव्हे. कौल घेतलाच गेला नाही.

बारामती-इंदापूरच्या शेतकऱ्याला हे अर्थशास्त्र नवे नाही. ऊस पिकवणाऱ्याच्या हाती गाळप असावे, याच तत्त्वावर माळेगाव, सोमेश्वरनगर, भवानीनगर येथे सहकारी कारखाने उभे राहिले. ते आज कितपत सहकारी उरले, हा वेगळा वाद. तत्त्व मात्र खोटे ठरलेले नाही.

मग याच तालुक्यांच्या जिरायत पट्ट्यातील मेंढपाळाने स्वतःचे जगणे पडद्यावर पाहावे की नाही, हे मल्टिप्लेक्सच्या मालकांनी का ठरवावे? सत्काराच्या शाली पुरे झाल्या. कारखाने, दूध संघ आणि बाजार समित्यांनी आपली सभागृहे माफक तिकिटात अशा चित्रपटांना खुली करावीत. जमीन निर्मात्याने विकायची आणि पडदा मात्र दुसऱ्याचा, ही व्यवस्था सावकारीचीच आहे.