वाहन जप्त झाले, हक्क नव्हे

अनेक तहसील कार्यालयांच्या आवारात वाळूचे टिपर आणि मुरमाचे ट्रॅक्टर महिनोन्‌महिने उभे असलेले दिसतात. नदीपात्र ओरबाडणाऱ्यांना चाप बसलाच पाहिजे, याविषयी दुमत असण्याचे कारण नाही. वाळू गेली की काठच्या विहिरी आटतात, पुलांचे पाये उघडे पडतात. परंतु आवारात गंजणाऱ्या वाहनाने नदीचे कोणते हित साधते? शासनाच्या तिजोरीत दंड जमा होत नाही आणि कर्ज काढून ट्रॅक्टर घेणाऱ्या तरुणाचे हप्तेही थांबत नाहीत. अशा वेळी तो वकिलाकडे न जाता पुढाऱ्याच्या किंवा मध्यस्थाच्या दारी जातो. कायद्याचा सरळ मार्ग ठाऊक नसल्यानेच हा आडवाटेचा बाजार फुलतो.

वास्तविक हा मार्ग महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मध्येच आखून दिलेला आहे. कलम ४८ (७) अन्वये अवैध गौण खनिजावर बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड होऊ शकतो. कलम ४८ (८) अन्वये खनिज सरकारजमा होते. वाहन मात्र केवळ जप्त होते. हा भेद महत्त्वाचा आहे. जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे सादर झाले पाहिजे. विहित दंड भरून, आणि वाहन पुन्हा अशा कामासाठी वापरणार नाही असे वैयक्तिक बंधपत्र देऊन, मालकाला ते सोडवून घेता येते.

दंडाचा आदेश अन्यायकारक वाटल्यास संहितेच्या कलम २४७ खाली अपील करता येते. जिल्हाधिकाऱ्यांहून कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध त्यासाठी ६० दिवसांची मुदत आहे. केवळ अपील दाखल झाल्याने वसुली थांबत नाही. स्थगितीची मागणी स्वतंत्रपणे करावी लागते. बाजू मांडण्याची संधीच दिली नाही किंवा अधिकार नसलेल्या अधिकाऱ्याने आदेश काढला, अशा प्रसंगी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयाचे दार मोकळे आहे. मात्र अपिलाची वाट असताना थेट तेथे जाणाऱ्याला बहुधा माघारी पाठविले जाते.

पोलिसांत गुन्हा नोंदला गेला असेल, तर प्रकरण निराळे वळण घेते. शासनाच्या मालकीची वाळू नेणे ही चोरीही ठरू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिल्ली राज्य विरुद्ध संजय या प्रकरणात स्पष्ट केले. खाण आणि खनिजे अधिनियम, १९५७ खालील गुन्ह्याची दखल न्यायालय केवळ प्राधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरूनच घेऊ शकते. चोरीच्या आरोपाला ते बंधन नाही. या अधिनियमाखालील गुन्ह्यात तडजोड झाली, तरी चोरीचा खटला त्यामुळे संपत नाही, हे २०२० च्या जयंत विरुद्ध मध्य प्रदेश या निकालाने सांगितले. म्हणून दंड भरला की सारे मिटले, अशा भ्रमात कोणी राहू नये.

अशा गुन्ह्यातील वाहनाचा ताबा मिळविण्यासाठी न्यायालयाकडे अर्ज करावा लागतो. १ जुलै २०२४ पासून त्याला भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमे ४९७ आणि ५०३ लागू आहेत. जप्त वाहने पोलीस ठाण्यात दीर्घकाळ सडत ठेवू नयेत. पंचनामा व छायाचित्रे घेऊन, योग्य बंधपत्र व हमीवर ती परत द्यावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात बजावले होते. १९५७ च्या अधिनियमाखाली वाहन कायमचे सरकारजमा करण्याचा अधिकारही न्यायालयाचाच आहे.

अर्थात, हक्क सांगणाऱ्याने कर्तव्यही पाळले पाहिजे. नोंदणी प्रमाणपत्र, विमा, त्या खेपेचा वाहतूक परवाना आणि पंचनाम्याची प्रत ज्याच्या हाती आहे, त्याचेच म्हणणे टिकते. वाहन विकूनही नोंद न बदलणारा मालक स्वतःच संकट ओढवून घेतो. चालक काय भरतो आणि कोठे नेतो याकडे डोळेझाक करणाऱ्याने निरपराधपणाचा आव आणू नये.

प्रशासनालाही हाच नियम लागू आहे. ४८ तासांची मर्यादा ही सोय म्हणून नव्हे, कायदा म्हणून पाळली जावी. आदेश लेखी व सकारण असावा आणि त्याची प्रत मालकाला त्वरित मिळावी. रस्त्यावरचा ट्रॅक्टर अडविणे सोपे; पण त्याला रात्री नदीपात्रात पाठविणारा, उपसा कोठे करायचा हे ठरविणारा आणि त्यावर गबर होणारा सहसा गाडीत बसलेला नसतो. त्याच्यापर्यंत कायद्याचा हात पोहोचत नाही, तोवर आवारातील वाहनांची रांग वाढत राहील आणि पात्रातील वाळू घटत राहील.